शेरा

पहाटे सव्वाचार. तावरे कॉलनीचा उतार,
सायकलच्या दांडीला बांधलेली पाच फुटी चावी,
आणि चेंबर नंबर एक्केचाळीसचं बिडाचं झाकण.
पहार घालून उचललं की आधी येतो वास :
गंजाचा, शेवाळाचा, आणि अजून एक,
जो मी वर्षभर
गळक्या पॅकिंगचा समजत होतो.

पहिल्या दिवशी बॅटरी मारली तर भिंतीला केस.
न्हाव्याच्या दुकानातली झाडलोट
कुणी आणून चिकटवावी तसे.
मग केस हलले.
सगळे एकदम, वरखाली, वरखाली,
पंप सुरू होताना प्रेशरचा काटा थरथरतो तसे.

कुदळे म्हणाले, थरथरे आहेत. काही करत नाहीत.
तू तुझे आटे मोज.
साडेचौदा.
तेरावर थांबलास तर तळजाईच्या चढावर बादली भरत नाही,
सोळा झाले तर अरण्येश्वरच्या खालच्या गल्लीत
टाक्या वाहतात आणि शिव्या वर येतात.

ढमढेरे बाई स्वेटर घालून तक्रार घेऊन आल्या.
काल पाणी करंगळीएवढं होतं म्हणे.
आत वाकून पाहिलं, गुडघा वाजला,
आणि तक्रार विसरल्या.
कॉलेजात प्राणिशास्त्राच्या प्रयोगशाळेत होत्या त्या,
बाटल्यांवर लेबलं लिहायच्या.

"कोळी नव्हे हो हा.
कोळ्याला कंबर असते. याला कुठाय?
एकच दाणा मसुरीएवढा, त्याला आठ पाय लावलेत.
सूत नाही, जाळं नाही, विष नाही.
डोळे दोन, तेही पाठीवरच्या बुरुजावर,
एक इकडे बघतो, एक तिकडे.
आणि हा जो वास येतोय ना, तो यांचाच."

मग नाव काय याचं?

बाई जरा थांबल्या.
"इंग्रजीत सुगीवरनं नाव आहे. लॅटिनही सांगते हवं तर.
मराठीत..."
चष्मा पुसला.
"मराठीत लोक चप्पल उचलतात."

सुगी कसली, कुदळे म्हणाले,
उद्या गुरुवार. उद्या कुणालाच पाणी नाही.

आटे फिरवताना मी एकाला बघत राहिलो.
दुसऱ्या जोडीचे पाय सगळ्यांत लांब,
ते टेकवत नव्हता, पुढे धरून
भिंत चाचपत होता.
मीही तसाच. हात पोचत नाही तिथे
चावीचं टोक अंधारात फिरवतो,
खट् वाजलं की स्पिंडल.

आषाढात एकदा झाकण निसटलं.
कडेला एक पाय सापडला.
बाकीचा तो सात पायांवर निघून गेला,
मागे न बघता. त्याला मागे बघावं लागत नाही म्हणा.
पाय मात्र चालत राहिला, एकटाच,
दुमडे, उलगडे,
जायचं कुठे ते माहीत नसलेला.
मी साडेचौदा आटे पुरे केले, चहा पिऊन आलो,
तरी तो चालूच होता.

पालीची शेपटी येते, बाई म्हणाल्या,
याचा पाय येत नाही. उरलेल्यांवर भागवतो.
कुदळे काही बोलले नाहीत. उजवा हात
खिशात घातला, त्याच्यावर तीनच बोटं होती,
आणि ती कधी, कशी, मी विचारलं नव्हतं.

आता ते निवृत्त झालेत.
एक्केचाळीसवर राखाडी पेटी बसणार आहे, अँटेनासकट.
स्वारगेटला कुणी बटण दाबलं की
इथे आपोआप साडेचौदा.
ठेकेदाराची पोरं फवारा घेऊन आली होती,
मी म्हणालो आत गॅस आहे, दुपारनंतर या.
ती आलीच नाहीत. सोमवारी येतील.

रजिस्टरात रकाने चार : वेळ, आटे, दाब, शेरा.
शेऱ्यात अकरा वर्षं मी 'ठीक' लिहिलं.
आज लिहिलं :
आत वस्ती आहे. झाकण हळू टेकवणे.

नावाची जागा मात्र सोडली. 'थरथरे' लिहून खोडलं.
साहेब विचारतील, कुणाची वस्ती.